हॅरिस, वेन

(४ मे १९३८–४ जून २०१७). कॅनडियन फुटबॉलमधील एक श्रेष्ठ व्यावसायिक लाइनबॅकर. पूर्ण नाव कॅरल वेन हॅरिस. जन्माने अमेरिकन असलेला हा खेळाडू १९६१ ते १९७२ या काळात कॅनडाच्या ॲल्बर्टा प्रांतातील कॅलगरी स्टँपीडर्स या एकाच संघाकडून खेळला. कॅनडियन फुटबॉल लीगमधील सर्वोत्कृष्ट ‘लाइनमन’चा पुरस्कार त्याने चार वेळा (१९६५, १९६६, १९७० व १९७१) मिळविला. प्रतिस्पर्ध्याला दणक्यासरशी जमिनीवर लोळविण्याच्या त्याच्या हातोटीमुळे तो ‘थम्पर’, म्हणजे दणका देणारा, या टोपणनावाने प्रसिद्ध झाला. ज्या कामावर त्याची कीर्ती उभी राहिली, त्या कामाची आकडेवारी ठेवण्याची पद्धत त्याच्या काळी लीगमध्ये नव्हती. त्यामुळे संरक्षक खेळाडूच्या थोरवीचे मोजमाप कसे करावे, हा प्रश्न त्याच्या कारकीर्दीच्या अभ्यासातून ठळकपणे पुढे येतो.

पूर्वायुष्य : हॅरिसचा जन्म अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांपैकी आर्कॅन्सॉ राज्यातील हॅम्प्टन या लहान गावी झाला. शालेय फुटबॉल तो त्याच राज्यातील एल डोराडो येथे खेळला. १९२१ साली लागलेल्या खनिज तेलाच्या शोधामुळे भरभराटीस आलेले हे शहर होय. योगायोगाने त्याची पुढील कर्मभूमी कॅलगरी हीदेखील तेलउद्योगावर वाढलेली नगरी आहे. १९५८ ते १९६० या तीन हंगामांत तो आर्कॅन्सॉ विद्यापीठाच्या संघातून, फ्रँक ब्रॉइल्स या नामवंत प्रशिक्षकाच्या मार्गदर्शनाखाली खेळला. त्या काळी महाविद्यालयीन फुटबॉलमध्ये खेळाडू बदलण्यावर बरीच बंधने असल्याने एकाच खेळाडूला आक्रमण व संरक्षण अशी दोन्ही कामे करावी लागत. हॅरिस आक्रमणाच्या वेळी चेंडू मागे देणारा ‘सेंटर’ असे आणि संरक्षणाच्या वेळी लाइनबॅकर. आक्रमकांच्या रांगेचे व्यवहार त्याला आतून ठाऊक झाले, ते या दुहेरी शिक्षणामुळे. १९६० साली आर्कॅन्सॉच्या संघाने साउथवेस्ट कॉन्फरन्सचे विजेतेपद पटकाविले आणि हॅरिसची गणना अखिल अमेरिकन दर्जाच्या खेळाडूंत होऊ लागली. जानेवारी १९६१ मधील ‘कॉटन बोल’ सामन्यात मात्र ड्यूक विद्यापीठाने आर्कॅन्सॉचा ७–६ असा एका गुणाने पराभव केला.

सहा फुटांच्या आसपास उंची आणि ९० किग्रॅ.पेक्षाही कमी वजन, अशी हॅरिसची शरीरयष्टी होती. अमेरिकेतील व्यावसायिक संघ लाइनबॅकरच्या जागी साधारणतः याहून धिप्पाड खेळाडू पसंत करीत. चपळ परंतु वजनाने हलक्या अशा अनेक अमेरिकन खेळाडूंनी त्या काळी कॅनडाची वाट धरली. कॅनडियन संघांत परदेशी खेळाडूंची संख्या नियमाने मर्यादित असे. त्यामुळे बाहेरून आलेल्या प्रत्येकाला आपली जागा दर हंगामात सिद्ध करावी लागे. १९६१ साली हॅरिस कॅलगरीस आला आणि पहिल्याच हंगामापासून त्याने आपले स्थान पक्के केले.

खेळाचे स्वरूप : हॅरिसचे कर्तृत्व समजण्यासाठी कॅनडियन फुटबॉलची थोडी ओळख आवश्यक आहे. भारतात फुटबॉल म्हणून परिचित असलेल्या खेळाहून हा खेळ सर्वस्वी निराळा असून त्याचा उगम रग्बीत आहे. त्यात लंबगोल चेंडू मुख्यतः हाताने नेला किंवा फेकला जातो. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कॅनडात रग्बीचे रूप हळूहळू पालटत गेले. १९०९ साली गव्हर्नर जनरल अर्ल ग्रे याने दिलेला ‘ग्रे कप’ या खेळातील सर्वोच्च मानाचा चषक ठरला, तर १९५८ साली कॅनडियन फुटबॉल लीगची स्थापना झाली.

अमेरिकन फुटबॉलशी या खेळाचे निकटचे साम्य असले, तरी काही फरक महत्त्वाचे आहेत. हॅरिसच्या काळी कॅनडियन मैदान ११० यार्ड (सु. १००·६ मी.) लांब व ६५ यार्ड (सु. ५९·४ मी.) रुंद असे. अमेरिकन मैदानाची लांबी १०० यार्ड व रुंदी ५३⅓ यार्ड असते. कॅनडियन संघात बारा खेळाडू असतात, अमेरिकन संघात अकरा. चेंडू दहा यार्ड पुढे नेण्यासाठी अमेरिकन संघाला चार प्रयत्न मिळतात, तर कॅनडियन संघाला तीनच. या प्रत्येक प्रयत्नास ‘डाउन’ म्हणतात. तिसऱ्या प्रयत्नात अपयश आल्यास चेंडू जागेवरच प्रतिपक्षाकडे जातो. म्हणून बहुतेक संघ दोन प्रयत्नांनंतर लाथेने चेंडू दूर धाडणे पसंत करतात. साहजिकच दोन प्रयत्नांत दहा यार्ड मिळविण्यासाठी आक्रमक पक्षाला चेंडू पुढे फेकण्याचा धोका वारंवार पत्करावा लागतो. शिवाय आक्रमक पक्षाच्या मागील फळीतील खेळाडूंना चेंडू खेळात येण्यापूर्वीच पुढच्या दिशेने धावत सुटण्याची मुभा असते, आणि संरक्षक रांगेला चेंडूपासून एक यार्ड मागे उभे राहावे लागते. या सर्व तरतुदींचा कल आक्रमकांच्या बाजूने आहे.

लाइनबॅकरचे कार्य : संरक्षक पक्षाची रचना साधारणतः तीन थरांची असते. पहिल्या थरात आक्रमकांच्या समोरासमोर भिडणारे धिप्पाड खेळाडू असतात. त्यांच्या पाठीमागे लाइनबॅकर असतात. चेंडू झेलणाऱ्यांवर पहारा ठेवणारे वेगवान खेळाडू सर्वांत मागे असतात. मधल्या थरातील लाइनबॅकरला दोन्हींची कामे करावी लागतात. प्रतिपक्षाचा धावपटू चेंडू घेऊन रांगेतून घुसला, तर पुढे झेपावून त्याला पाडणे हे त्याचे काम. क्वॉर्टरबॅक, म्हणजे आक्रमणाचा सूत्रधार, चेंडू फेकण्याच्या पवित्र्यात असेल, तर त्याच लाइनबॅकरला मागे वळून झेल घेणाऱ्याची वाट अडवावी लागते. यांपैकी काय घडणार आहे, याचा निर्णय एका सेकंदाच्या आत घ्यावा लागतो. हा निर्णय चुकला, तर पुढची ताकद व वेग व्यर्थ ठरतात.

असा निर्णय केवळ चेंडूकडे पाहून घेता येत नाही, कारण चेंडू लपविणे व हुलकावणी देणे हा आक्रमणाचा मुख्य डावपेच असतो. कुशल लाइनबॅकर आपली नजर समोरच्या रांगेतील ‘गार्ड’ या खेळाडूवर ठेवतो. गार्डने पुढे मुसंडी मारली, तर चेंडू धावत नेला जाण्याची शक्यता अधिक असते. तो मागे सरकला, तर चेंडू फेकला जाण्याचा संभव असतो. तो रांग सोडून बाजूस धावला, तर चेंडूही बहुधा त्याच बाजूने येणार असतो. ही चिन्हे वाचताना फसवणुकीची शक्यताही ध्यानात ठेवावी लागते. त्यानंतर अंगावर येणाऱ्या अडवणूक करणाऱ्या खेळाडूंना चुकवून किंवा झटकून, योग्य कोनातून धावपटूस गाठायचे असते. या शेवटच्या क्रियेस ‘टॅकल’ म्हणतात. कबड्डीतील पकडीशी तिचे काही अंशी साम्य आहे. कबड्डीच्या चढाईत मात्र एकटा चढाईपटू प्रतिपक्षाच्या अंगणात येतो. येथे चेंडूवाहकाभोवती त्याच्या साथीदारांचे संरक्षक कडे असते आणि ते भेदल्यावरच पकड करता येते.

मधल्या जागेवरील लाइनबॅकरकडे बहुधा संरक्षणाचे नेतृत्वही असते. प्रतिपक्षाची मांडणी पाहून आपल्या खेळाडूंना ऐनवेळी जागा बदलण्याच्या सूचना तो देतो. कॅनडियन मैदान अमेरिकन मैदानापेक्षा सु. १०·७ मी.ने अधिक रुंद होते. त्यामुळे तेथे लाइनबॅकरला शरीराच्या वजनापेक्षा चपळाईचा व पूर्वानुमानाचा उपयोग अधिक होई. हॅरिसचा हलका बांधा अमेरिकेत उणीव मानला जाण्याजोगा होता. कॅलगरीच्या मोकळ्या मैदानात तोच त्याच्या उपयोगी पडला.

कॅलगरीतील कारकीर्द : हॅरिस बारा हंगाम खेळला. त्यांपैकी पहिल्या अकरा हंगामांत, १९६१ ते १९७१ पर्यंत सलग, त्याची पश्चिम विभागाच्या सर्वोत्तम खेळाडूंच्या संघात निवड झाली. या विभागात त्याची गाठ सस्कॅचवन रफरायडर्सच्या जॉर्ज रीडसारख्या बलाढ्य धावपटूशी वारंवार पडे. १९६३ ते १९७५ या कारकीर्दीत चेंडू घेऊन १६,११६ यार्ड धावणारा रीड हा त्या पिढीतील सर्वांत अवघड चेंडूवाहकांपैकी एक होता. हॅरिसने केवळ धावपटूंनाच रोखले, असे नाही. प्रतिपक्षाने फेकलेले चेंडू मध्येच झेलण्याच्या २८ नोंदी त्याच्या नावावर आहेत. मुख्यतः पुढच्या चकमकीत गुंतलेल्या मध्यवर्ती लाइनबॅकरच्या दृष्टीने ही संख्या लक्षणीय आहे.

कॅलगरी संघाने ग्रे कप यापूर्वी फक्त १९४८ साली, ऑटावाला १२–७ असे नमवून जिंकला होता. हॅरिसच्या कारकीर्दीच्या पूर्वार्धात संघाला अंतिम सामना गाठता आला नाही. १९६८ साली तो योग आला, तेव्हा ऑटावाने कॅलगरीचा २४–२१ असा पराभव केला. १९७० साली पश्चिम विभागाच्या निर्णायक फेरीत कॅलगरीची गाठ, नियमित हंगामातील सोळांपैकी चौदा सामने जिंकलेल्या सस्कॅचवन संघाशी पडली. रजायना येथे बर्फाळ वादळात खेळल्या गेलेल्या शेवटच्या सामन्यात लॅरी रॉबिन्सनने वाऱ्याच्या विरुद्ध दिशेने अखेरच्या क्षणी ‘फील्ड गोल’ मारून कॅलगरीस १५–१४ असा विजय मिळवून दिला. परंतु अंतिम सामन्यात माँट्रिऑल अलूएट्सने कॅलगरीस २३–१० असे हरविले. तीन वर्षांत दोनदा चषक हातचा निसटला. हॅरिसची तेव्हा तिशी उलटली होती आणि लाइनबॅकरची कारकीर्द फार काळ चालत नाही.

१९७१ चा ग्रे कप : २८ नोव्हेंबर १९७१ रोजी व्हँकूव्हरच्या एम्पायर स्टेडियमवर कॅलगरी व टोराँटो आर्गोनॉट्स यांच्यात अंतिम सामना झाला. या मैदानावर १९७० साली कृत्रिम हिरवळ बसविण्यात आली होती आणि सामन्याच्या दिवशी ती पावसाने ओली व निसरडी झाली होती. टोराँटोच्या संघात जो थाइझमन हा तरुण क्वॉर्टरबॅक व लिऑन मक्वे हा अत्यंत वेगवान धावपटू होता. कॅलगरीने दोन ‘टचडाउन’ व त्यांवरील दोन अतिरिक्त गुण मिळून १४ गुण केले. टोराँटोचे एकमेव टचडाउन कॅलगरीच्या संरक्षक फळीविरुद्ध झालेच नाही. लाथेने आलेला चेंडू परत नेताना कॅलगरीच्या खेळाडूच्या हातून तो निसटला आणि टोराँटोच्या खेळाडूंनी तो उचलून गोलरेषेपार नेला. हॅरिसच्या नेतृत्वाखालील संरक्षणासमोर टोराँटोच्या आक्रमणाला धावून किंवा चेंडू फेकून गोलरेषा ओलांडता आली नाही.

शेवटच्या काही मिनिटांत १४–११ अशी स्थिती असताना टोराँटोच्या डिक थॉर्न्टनने कॅलगरीचा फेकलेला चेंडू मध्येच झेलला व तो कॅलगरीच्या ११ यार्डांच्या रेषेपर्यंत आणला. बरोबरी साधण्यास एक फील्ड गोल, म्हणजे तीन गुण, पुरेसे होते. तथापि टोराँटोने टचडाउनसाठी धावण्याचा मार्ग पत्करला. चेंडू मक्वेकडे देण्यात आला. वळण घेताना ओल्या पृष्ठभागावर त्याचा पाय घसरला, हातातील चेंडू सुटला आणि कॅलगरीच्या रेजी होम्सने तो ताब्यात घेतला. यानंतरही टोराँटोला आणखी एक संधी मिळण्याचा संभव होता. परंतु कॅलगरीने लाथाडलेला चेंडू टोराँटोच्या खेळाडूने पायाने उडविला व तो बाजूरेषेबाहेर गेल्यामुळे चेंडूचा ताबा पुन्हा कॅलगरीकडे आला. अशा रीतीने २३ वर्षांनी कॅलगरीने चषक जिंकला.

या सामन्याच्या स्मृतीत मक्वेचे घसरणे अग्रभागी राहिले आणि कॅलगरीचा विजय हा नशिबाचा भाग, असा समज त्यामुळे होऊ शकतो. तो पूर्णपणे बरोबर नाही. टोराँटोला अखेरपर्यंत तीन गुणांनी मागे राहावे लागले, ते आधीच्या सर्व वेळात कॅलगरीच्या संरक्षणाने केलेल्या अडवणुकीमुळे. सामन्यातील सर्वांत मोलाच्या खेळाडूचा मान एकही गुण न मिळविलेल्या हॅरिसला देण्यात आला. एरवी हा मान बहुधा आक्रमक खेळाडूंच्या वाट्यास येत असे. सामना पाहणाऱ्या जाणकारांनी त्या दिवशीचे खरे कार्य कोणाचे, हे ओळखले होते, असे यावरून दिसते.

मूल्यमापन : आक्रमक खेळाडूंची कामगिरी आकड्यांत सहज मांडता येते. उदा., धावपटूने किती यार्ड मिळविले, क्वॉर्टरबॅकचे किती चेंडू झेलले गेले, टचडाउन किती झाले. लाइनबॅकरचे काम याच्या उलट, म्हणजे काही न घडू देण्याचे असते. आठ यार्डांऐवजी दोनच यार्ड मिळाले, तर ते दोन यार्ड धावपटूच्या खात्यावर लिहिले जातात आणि न मिळालेले सहा कोठेच नोंदले जात नाहीत. कॅनडियन लीगमध्ये पकडींची व क्वॉर्टरबॅकला मागेच पाडण्याच्या घटनांची अधिकृत नोंद १९८०–९० या दशकात सुरू झाली. हॅरिस त्यापूर्वीच, १९७२ च्या हंगामानंतर, निवृत्त झाला होता. परिणामी त्याच्या हजारो दणक्यांपैकी एकही अधिकृत आकडेवारीत नाही.

पुरस्कारांची रचनाही त्याला सोयीची नव्हती. १९५५ पासून दिला जाणारा ‘सर्वोत्कृष्ट लाइनमन’ हा पुरस्कार आक्रमक व संरक्षक अशा दोन्ही प्रकारच्या खेळाडूंसाठी सामाईक होता. लाइनबॅकर वस्तुतः रांगेच्या मागे उभा राहणारा खेळाडू असूनही त्याचा समावेश याच वर्गात होई. हॅरिसच्या आधी ब्रिटिश कोलंबियाच्या टॉम ब्राउन या लाइनबॅकरने १९६३ व १९६४ साली हा पुरस्कार मिळविला. हॅरिसने तो चार वेळा जिंकला. १९७४ पासून सर्वोत्कृष्ट संरक्षक खेळाडूसाठी वेगळा पुरस्कार ठेवण्यात आला आणि त्याचा पहिला मानकरी कॅलगरीचाच जॉन हेल्टन हा ठरला.

पकडींची मोजणी सुरू झाल्यानंतर लाइनबॅकरच्या कार्याला दृश्य रूप आले. विली प्लेस (कारकीर्द १९८६–९९) याच्या नावावर १,२४१ पकडींची नोंद असून सर्वोत्कृष्ट संरक्षक खेळाडूचा पुरस्कार त्याने पाच वेळा मिळविला. नायजेरियात जन्मलेला व अमेरिकेत वाढलेला सॉलोमन एलिमिमिअन याने ब्रिटिश कोलंबिया लायन्सकडून खेळताना २०१४ च्या हंगामात १४३ पकडी केल्या आणि लीगच्या सर्वोत्कृष्ट खेळाडूचा पुरस्कार मिळविणारा तो पहिला निव्वळ संरक्षक खेळाडू ठरला. २०१७ मध्ये त्याने १४४ पकडी करून स्वतःचाच उच्चांक मोडला. हॅरिसची तुलना या दोघांशी आकड्यांनी करता येत नाही. त्याच्या बाबतीत समकालीनांनी अकरा वर्षे सलग दिलेला कौल हाच पुरावा मानावा लागतो. अर्थात आकडेही संपूर्ण सत्य सांगत नाहीत. कमकुवत संघाच्या लाइनबॅकरला अधिक वेळ संरक्षण करावे लागते आणि त्यामुळे त्याच्या पकडी वाढतात. उलट, ज्याच्या बाजूने जाणेच प्रतिपक्ष टाळतो, त्याच्या पकडी कमी भरतात.

या खेळाची दुसरी बाजूही विचारात घेणे आवश्यक आहे. हॅरिसच्या काळी जोरदार टक्कर हा निखळ कौतुकाचा विषय होता, आणि ‘थम्पर’ हे टोपणनाव त्या कौतुकाचेच द्योतक आहे. एकविसाव्या शतकात, विशेषतः २००५ नंतर प्रसिद्ध झालेल्या वैद्यकीय संशोधनाने, डोक्यावर वारंवार बसणाऱ्या आघातांचा मेंदूच्या दीर्घकालीन विकारांशी असलेला संबंध उजेडात आणला. लाइनबॅकरला धावत्या खेळाडूवर पूर्ण वेगाने आदळावे लागत असल्याने त्याच्या जागेवर हा धोका मोठा असतो. शिरस्त्राण कवटीचे रक्षण करते, परंतु कवटीच्या आत मेंदूला बसणारा हिसका ते पूर्णपणे थांबवू शकत नाही. या संशोधनानंतर डोक्याने धडक देण्याविरुद्धचे नियम व मेंदूस धक्का बसलेल्या खेळाडूस परत मैदानात उतरविण्यासंबंधीचे संकेत अधिक कडक झाले. जुन्या पिढीतील खेळाडूंना मात्र हे ज्ञान उपलब्ध नव्हते.

मानसन्मान : निवृत्तीनंतर १९७६ साली हॅरिसचा समावेश कॅनडियन फुटबॉल हॉल ऑफ फेममध्ये करण्यात आला. २००४ साली अमेरिकेतील कॉलेज फुटबॉल हॉल ऑफ फेमनेही त्याला हा बहुमान दिला. त्याचा ५५ हा क्रमांक कॅलगरी संघाने कायमचा राखून ठेवला असून तो अन्य खेळाडूस दिला जात नाही. त्याचा मुलगा वेन हॅरिस (धाकटा) कॅलगरी विद्यापीठाच्या संघाचा मुख्य प्रशिक्षक झाला, आणि त्याच्या मार्गदर्शनाखाली त्या संघाने २०१९ साली कॅनडियन विद्यापीठीय फुटबॉलमधील सर्वोच्च ‘व्हॅनिअर चषक’ जिंकला. त्यापूर्वी दोन वर्षे, २०१७ साली, थोरला हॅरिस वयाच्या ७९ व्या वर्षी मरण पावला. लाइनबॅकर या स्थानाला कॅनडियन फुटबॉलमध्ये प्रतिष्ठा मिळवून देणाऱ्यांत त्याचे नाव अग्रक्रमाने घ्यावे लागते.